लिंक समोरच असते, दिसत नाही

बेळगावच्या उद्यमबाग औद्योगिक वसाहतीतल्या एखाद्या शेडमध्ये सकाळच्या पाळीला मशीन थांबलं की आधी पडद्यावर लाल अक्षरांत अलार्मचा नंबर येतो. मग ऑपरेटर खिशातून मोबाइल काढतो, मशीनवर चिकटवलेला क्यूआर कोड स्कॅन करतो आणि कंपनीचं माहितीचं पान उघडतो. इथवर सगळं ठीक. घोडं अडतं ते पुढे.

"मामा, काय करायचं ते लिहिलंय की त्यात."

"लिहिलंय रे, 'हायड्रॉलिक प्रेशर तपासून घ्या' म्हणून. पण तपासायचं कसं, ते कुठं लिहिलंय?"

कसं तपासायचं ते फोटोंसकट लिहिलेलं असतं. त्याच ओळीतल्या 'हायड्रॉलिक प्रेशर' या दोन शब्दांवर बोट टेकवलं असतं तर ते पान उघडलं असतं. पण ते शब्दही बाकीच्या मजकुरासारखेच काळपट. किंचित निळसर झाक असते, ती ऑइलच्या बोटांचे ठसे उमटलेल्या स्क्रीनवर कुणाला दिसणार? शेवटी सर्व्हिस इंजिनिअरला फोन जातो, तो तेच पान उघडून वाचून दाखवतो, आणि तोवर मशीन उभंच.

बेळगाव आणि आसपासच्या छोट्या कारखान्यांसाठी अशी पानं मराठी, कन्नड आणि इंग्रजीत तयार करणं हे माझं काम. मशीन कसं चालवायचं, अलार्म आला तर काय करायचं, सुटा भाग कोणता मागवायचा हे सांगणाऱ्या पानांच्या संचाला आमच्या धंद्यात 'डॉक्युमेंटेशन' म्हणतात. मी इथून पुढे 'मदतपानं' म्हणतो. तीच जात तुम्हीही वापरता: बिलिंग सॉफ्टवेअरची, बँकेच्या ॲपची, कर्नाटक सरकारच्या सेवा सिंधू पोर्टलवर अर्ज कसा भरायचा ते सांगणारी. 'आता दाबायचं कुठे' हा प्रश्न खानापुरात नेट सेंटरवर बसलेल्या काकूंना पडतो, तसा बी.ई. झालेल्या त्यांच्या मुलालाही पडतो. दोघांनाही वाटतं, आपल्यालाच हे नीट जमत नाही. बहुतेक वेळा दोष पानाचा असतो. आणि त्यातला बराचसा एका रेघेने निघतो.

लिंक मुळात असते काय

वेबपान म्हणजे साधा मजकूर आणि त्यात मधूनमधून घातलेल्या खुणा. एखाद्या शब्दाला 'इथून अमुक पत्त्यावर जा' अशी खूण लावली की तो शब्द लिंक होतो. ती दिसावी कशी, हे पान बनवणाऱ्याने सांगितलं नाही तर ब्राउझर आपल्या मनाने ठरवतो: निळा रंग, खाली रेघ, आणि एकदा उघडून झालेली लिंक जांभळी. ही रीत बरीच जुनी. टिम बर्नर्स-ली यांनी जिनिव्हाजवळच्या सर्न या संशोधन संस्थेत 1989 मध्ये वेबचा प्रस्ताव मांडला. 1993 मध्ये अमेरिकेतल्या इलिनॉय विद्यापीठात तयार झालेला मोझॅक ब्राउझर लोकांच्या हाती आला आणि निळी, अधोरेखित लिंक जगाच्या सवयीची झाली.

पुढे सीएसएस आलं. मजकूर एकीकडे आणि त्याचं रूप, म्हणजे रंग, अक्षराचा आकार, मोकळी जागा, दुसरीकडे लिहून ठेवण्याची ही सोय. तिच्यात एक ओळ लिहिली की साइटवरच्या झाडून सगळ्या लिंकांखालची रेघ जाते. इतकं सोपं काम, की ते करण्याचा मोह फार जणांना झाला.

बेळगावजवळ पिरनवाडीला खानापूरचा रस्ता सरळ जातो आणि जांबोटी-चोर्ल्याचा फाटा फुटतो. रोजच्या माणसाला तिथे पाटी लागत नाही, पण चोर्ल्यातून गोव्याला पहिल्यांदाच निघालेला ड्रायव्हर पाटी बघूनच वळतो. मदतपानावरची लिंक हा असाच फाटा, आणि मदतपानावर येणारा जवळजवळ नेहमीच पहिल्यांदा आलेला असतो. रोजच्या कामात ते पान कोण उघडतो? काही अडलं की उघडतो. (पाटी कुठल्या भाषेत असावी यावर आपल्याकडे वर्षानुवर्षं रान पेटतं, ती धावत्या गाडीतून दिसते का, हे विचारायचं राहूनच जातं. असो, तो विषय निराळा.)

बातमी किंवा गोष्ट आपण वरून खाली वाचतो. मदतपान तसं कुणी वाचत नाही. डोळा उड्या मारत आपल्या कामाचा शब्द हुडकत जातो. म्हणजे इथली लिंक वाचून ओळखू येते एवढं पुरत नाही, ती न वाचताच डोळ्यात भरायला हवी. त्यामुळे एखाद्या कवितेच्या साइटला जी माफी देता येईल ती मदतपानाला देता येत नाही.

रंग एकटा का पुरत नाही

रेघ काढली की लिंक ओळखायला उरतो फक्त रंग. आणि रंग हा फार बेभरवशाचा साक्षीदार.

लाल-हिरव्यात गल्लत होणं हा रंगांधळेपणाचा सगळ्यात सर्रास प्रकार. त्याच्याशी संबंधित जनुकं एक्स गुणसूत्रावर असतात आणि पुरुषांकडे ते गुणसूत्र एकच असतं, म्हणून तो पुरुषांत बायकांपेक्षा कितीतरी जास्त आढळतो. फाउंड्रीत आणि मशीन शॉपमध्ये कोण काम करतं ते आठवा, म्हणजे आमच्या वाचकांत असे किती असू शकतात ते कळेल. अशा माणसाला गर्द लाल किंवा तपकिरी लिंक काळ्या मजकुरात वेगळी निघत नाही. निळा मात्र त्याला सहसा नीट ओळखता येतो, म्हणून निळी लिंक ही निवड चांगलीच म्हणायची. पण उघडून झालेली जांभळी लिंक? जांभळ्यातला लाल दिसेनासा झाला की उरतो निळाच. कुठलं पान वाचून झालं आणि कुठलं राहिलं, हे त्याला कळत नाही.

निळ्यालाही शत्रू आहेत. वय वाढतं तसं डोळ्यातलं भिंग पिवळट होत जातं, मोतीबिंदूत तर फारच. पिवळं भिंग निळा प्रकाश अडवतं, त्यामुळे गडद निळी अक्षरं काळ्यात मिसळून जातात. रात्री डोळ्यांना त्रास नको म्हणून मोबाइलवर जो पिवळसर मोड लावतात, तोही तेच करतो: स्क्रीनमधला निळा कमी करतो. तरुण, धडधाकट डोळ्याच्या माणसालासुद्धा रात्रपाळीत निळी लिंक कमी दिसते ती यामुळे. शिवाय दुपारच्या उन्हात यार्डात उभं राहून, बॅटरी वाचवायला ब्राइटनेस खाली ओढलेल्या फोनवर कुठलाच रंग धड दिसत नाही, हे सांगायला तज्ज्ञ नको.

आणि छपाई. मदतपानाचा प्रिंट काढायचा, लॅमिनेट करायचा आणि मशीनशेजारी टांगायचा ही आपल्याकडची पक्की सवय. झेरॉक्सच्या दुकानातला लेझर प्रिंटर काळा-पांढरा असतो. रंग गेला, की इथे लिंक होती हेही कळत नाही. रेघ असेल तर निदान 'याबद्दल वेगळं पान आहे' एवढं तरी कागदावर राहतं. (छापताना लिंकेच्या पुढे कंसात तिचा पत्ता आपोआप यावा, अशी सोय सीएसएसमध्ये करता येते. फारच थोड्या साइट ती वापरतात. आमच्यासारख्या कागदावर भरवसा ठेवणाऱ्या भागात ती सक्तीची करावी असं माझं मत.)

थोडं गणित, पण मजेचं

वेबचे नियम ठरवणारी वर्ल्ड वाइड वेब कन्सॉर्शियम ही संस्था 'डब्ल्यूसीएजी' नावाची नियमावली काढते. पान सगळ्या प्रकारच्या माणसांना वापरता यावं यासाठीची ही नियमावली. 2.0 ही आवृत्ती 2008 मध्ये आली, 2.1 ही 2018 मध्ये, 2.2 ही 2023 मध्ये. तिच्यातला अगदी पहिल्या पायरीचा नियम असा: कुठलीही माहिती निव्वळ रंगाने सांगू नका, सोबत आणखी एक खूण द्या. लिंकेला रेघच पाहिजे असं नियमावली म्हणत नाही. ती एक पळवाटही ठेवते, आणि ही पळवाट तपासून बघण्यासारखी आहे.

त्यासाठी 'काँट्रास्ट' म्हणजे काय ते कळायला हवं. दोन रंगांचा उजळपणा एकमेकांपासून किती पटीने वेगळा आहे, ते सांगणारा हा आकडा. दोन्ही रंग एकच असले तर 1, पांढऱ्यावर काळा असला तर 21. साध्या आकाराची अक्षरं पार्श्वभूमीपासून निदान 4.5 ने वेगळी असावीत असा नियम आहे. आता पळवाट: लिंक आणि तिच्या शेजारचा मजकूर यांच्यात निदान 3 चा काँट्रास्ट असेल, आणि माउस किंवा कीबोर्डने लिंकेवर गेल्यावर आणखी एखादी खूण उमटत असेल, तर रेघ नसली तरी चालेल.

मजकूर शुद्ध काळा, पार्श्वभूमी शुद्ध पांढरी धरा. मजकुराचा पांढऱ्याशी काँट्रास्ट 21. लिंक मजकुरापासून तिपटीने वेगळी हवी, म्हणजे पांढऱ्याशी तिचा काँट्रास्ट 21 भागिले 3, म्हणजे 7 च्या वर जाता कामा नये. आणि 4.5 च्या खालीही उतरता कामा नये. म्हणजे रंग निवडायला 4.5 ते 7 एवढीच खिडकी. ब्राउझरचा मूळचा निळा यात बसतो का? त्याचा पांढऱ्याशी काँट्रास्ट सुमारे 9.4. वाचायला उत्तम. पण काळ्या मजकुरापासून तो फक्त 2.2 ने वेगळा. म्हणजे ब्राउझर जो निळा देतो तो रेघेच्या जोडीनेच पुरतो. रेघ काढून निळा तेवढा ठेवणाऱ्याने जोडीतला नेमका कामाचा भाग काढून टाकलेला असतो.

आता फॅशन बघा. हल्ली मजकूर शुद्ध काळा कुणी ठेवत नाही, गडद करडा ठेवतात. डिझायनरांचा आवडता जो करडा आहे, ज्याचा सीएसएसमधला क्रमांक तीन वेळा तीन असा लिहितात, त्याचा पांढऱ्याशी काँट्रास्ट सुमारे 12.6. त्याला 3 ने भागा: 4.2. म्हणजे लिंक 4.2 च्या खाली हवी आणि 4.5 च्या वरही हवी. असा रंग जगात नाही. पार्श्वभूमी पांढरी आणि मजकूर या करड्याचा असेल तर निव्वळ रंगाने ओळखू येणारी, नियमात बसणारी लिंक गणितानेच अशक्य आहे. हा हिशेब एखाद्या डिझायनरपुढे कागदावर मांडून दाखवा. रेघेवरचा वाद तिथेच मिटतो असा अनुभव आहे.

राहिली पळवाटेची दुसरी अट: माउस नेल्यावर खूण उमटावी. मोबाइलला माउस कुठला? बोट हवेत धरल्यावर फोनला काही कळत नाही, टेकवल्यावर कळतं. बोट टेकवण्याआधी लिंक ओळखायची कशी, हाच तर प्रश्न आहे.

"पण रेघा दिसायला गचाळ दिसतात"

हा आक्षेप सगळ्यात जास्त येतो, आणि आपल्या लिप्यांच्या बाबतीत तो खोटा नाही.

ब्राउझरची मूळची रेघ रोमन अक्षरांच्या मापाने बसवलेली असते. रोमनमध्ये बेसलाइनच्या, म्हणजे अक्षरं ज्या ओळीवर बसतात तिच्या, खाली उतरणारी अक्षरं मोजकीच. देवनागरीत वर शिरोरेघ असतेच, आणि खाली उकार, ऊकार, ऋकार, पाय मोडायची खूण, शिवाय काही जोडाक्षरांचे खालचे मजले. 'कूलंट पंप सुरू करा' ही लिंक घ्या. मूळची रेघ 'कू'च्या ऊकाराला आणि 'सु'च्या उकाराला बरोबर मानेशी भिडते. छोट्या अक्षरांत ऱ्हस्व-दीर्घ कळेनासं होतं. यावर उपाय म्हणून आजचे ब्राउझर अक्षराचा भाग आडवा आला की तिथे रेघ तोडतात. इंग्रजीत ते छान दिसतं. मराठीत दर दुसऱ्या अक्षराला उकार आला की रेघेच्या चिंध्या होतात आणि ती लिंकेची रेघ आहे की छपाईची खराबी, ते कळत नाही.

कन्नडमध्ये मामला आणखी खोल. तिथे जोडाक्षरातलं दुसरं व्यंजन पहिल्याच्या खाली उजव्या अंगाला बसतं, त्याला ओत्तक्षर म्हणतात. 'कन्नड' हा शब्द कन्नड लिपीत लिहून बघा: दुसरा 'न' ओळीच्या खाली लोंबतो. मूळची रेघ त्याच्या पोटातून जाते. आमच्या मदतपानांवर तिन्ही लिप्या असतात, त्यामुळे इंग्रजीत झकास दिसणारी रेघ मराठीत तुटकी आणि कन्नडमध्ये अक्षर कापणारी, असं एकाच साइटवर बघायला मिळतं. मग कुणीतरी वैतागून रेघच काढून टाकतो.

रेघ काढायची गरज नाही, खाली सरकवायची गरज आहे. सीएसएसमध्ये रेघ अक्षरापासून किती खाली असावी, किती जाड असावी, कुठल्या रंगाची असावी हे तिन्ही वेगवेगळं सांगता येतं. मराठीसाठी मी रेघ अक्षराच्या मापाच्या पाव ते एक तृतीयांश एवढी खाली नेतो आणि पातळ ठेवतो. कन्नडसाठी त्याहून थोडी खाली. फॉन्टप्रमाणे फरक पडतो. 'नोटो सान्स देवनागरी'त जे माप बसतं ते 'मुक्ता' या फॉन्टमध्ये तसंच बसेल असं नाही, डोळ्यांनी बघूनच ठरवावं लागतं. रेघ खाली गेली की खालच्या ओळीच्या वेलांट्या आणि रफार तिला टेकायला येतात, म्हणून दोन ओळींतलं अंतर वाढवायचं. मराठी मजकुराला ते तसंही जास्तच लागतं. इंग्रजी साइटचं माप जसंच्या तसं उचलल्यामुळे आपली कितीतरी पानं दाटीवाटीची दिसतात. रेघेचा रंग अक्षरापेक्षा जरा फिका ठेवला तर पान रेघाळलेलंही वाटत नाही. फक्त इतका फिका नको की ती असून नसल्यासारखी होईल.

यात एक अट आहे, जी बहुतेक साइट पाळत नाहीत. कुठला मजकूर मराठी, कुठला कन्नड, हे पानाच्या खुणांमध्ये सांगितलेलं असावं लागतं. ते सांगितलं तरच प्रत्येक भाषेची रेघ वेगळ्या मापाने बसवता येते. जाता जाता आणखी एक फायदा होतो: अंधांसाठी पान वाचून दाखवणारं सॉफ्टवेअर मराठीला मराठी आवाज लावतं, कन्नडला कन्नड.

"गूगलनेही रेघा काढल्याच की"

काढल्या, 2014 मध्ये, शोधाच्या निकालांतून. पण त्या पानाची मांडणी आठवा. प्रत्येक निकालाचं शीर्षक स्वतंत्र ओळीवर, मोठ्या अक्षरात, निळं, आणि एकाखाली एक ठरलेल्या जागी. तिथे जागाच सांगते की हे दाबायचं आहे. परिच्छेदाच्या मधोमध बसलेल्या दोन शब्दांना अशी जागा नसते. त्यांना अंगावरचीच खूण लागते.

हाच नियम उलटाही लागू होतो. वरच्या मेनूत, बाजूच्या अनुक्रमणिकेत, 'मागील पान, पुढील पान' अशा बटणांना रेघ नसली तरी बिघडत नाही. तिथे रेघा मारत सुटलं तर पान खरोखरच गचाळ होतं. रेघ हवी ती चालत्या मजकुरातल्या लिंकांना.

लिंक नसलेल्या शब्दांखाली मात्र रेघ अजिबात नको. ही आपली जुनी खोड, टाइपरायटरच्या काळापासूनची. सरकारी पत्रात 'विषय:' ची ओळ अधोरेखित, सूचनेत 'सक्त मनाई' अधोरेखित. तीच सवय वेबवर आली की वाचणारा त्या शब्दावर बोट आपटत बसतो, काही होत नाही, आणि मग खऱ्या लिंकेवरचाही त्याचा विश्वास उडतो. निळ्या रंगातल्या मथळ्यांचंही तसंच. ठसवायचं असेल तर ठळक करा.

मदतपानांना एक जादा अडचण असते. त्यांच्यात बटणांची नावं, अलार्मचे नंबर, प्रोग्रॅममधले कोड यांची रेलचेल असते, आणि हे सगळं वेगळं दिसावं म्हणून प्रत्येकाला कुठला ना कुठला रंग दिलेला असतो. सीएनसीच्या, म्हणजे कॉम्प्युटरच्या प्रोग्रॅमवर चालणाऱ्या मशीनच्या, पानावर 'एम08 दिल्यावर कूलंट सुरू होतं, एम09 ने बंद होतं' या वाक्यात दोन्ही कोड रंगीत चौकटीत असतात. त्यातला एक लिंक असला आणि दुसरा नसला तर वाचणाऱ्याने ओळखायचं कसं? माझ्या पानांवर रिवाज ठरलेला आहे: बटणाचं नाव ठळक, कोड करड्या चौकटीत, लिंकेला रेघ. कोडच लिंक असेल तर चौकटीच्या आत रेघ. रेघ दिसली की दाबता येतं, नाही दिसली की नाही, एवढंच वाचणाऱ्याने लक्षात ठेवायचं.

"इथे क्लिक करा" यात काय वाईट

रेघ दिली, पण तिच्यावरचे शब्द मुके असले तर अर्धंच काम झालं. 'प्रेशर तपासण्याच्या पद्धतीसाठी इथे क्लिक करा' या वाक्यात डोळा पडतो तो 'इथे क्लिक करा' वर, आणि त्यातून काहीच कळत नाही. एका पानावर अशा सात-आठ लिंका असल्या की सगळ्या सारख्याच दिसतात.

अंध माणसाला याचा त्रास सगळ्यात जास्त. कॉम्प्युटरवर एनव्हीडीए हे मोफत सॉफ्टवेअर पान वाचून दाखवतं; त्यात इन्सर्ट आणि एफ7 दाबलं की पानावरच्या सगळ्या लिंकांची यादी समोर येते. अँड्रॉइड फोनमधल्या टॉकबॅकमध्येही एका लिंकेवरून थेट पुढच्या लिंकेवर उडी मारता येते. डोळस माणूस जसा रेघा बघत पानावरून नजर फिरवतो, तसा अंध माणूस ही यादी ऐकतो. आणि त्याला ऐकू येतं: इथे क्लिक करा, इथे क्लिक करा, अधिक माहिती, इथे क्लिक करा.

तेव्हा ज्या पानावर जायचं त्याचं नावच लिंक करावं: 'हायड्रॉलिक प्रेशर तपासण्याची पद्धत'. पूर्ण वाक्याला रेघ नको, नुसत्या एकाच शब्दालाही नको. नाव कळेल एवढेच शब्द. लिंक पीडीएफ उघडणार असेल तर तसं लिहावं, आणि फाइल मोठी असेल तर किती एमबीची तेही. खानापूरच्या पलीकडे जंगलातल्या गावांत रेंजची काय दशा असते ते ठाऊक असलेला माणूस आधी आकडा बघतो, मग दाबतो.

दोन लिंका अगदी खेटून ठेवणंही टाळावं. डब्ल्यूसीएजी 2.2 मध्ये दाबायच्या जागेचं किमान माप 24 पिक्सेल गुणिले 24 पिक्सेल दिलं आहे. वाक्याच्या आतल्या लिंकांना त्यातून सूट आहे, पण जाडजूड बोटांना ती सूट कुणी सांगायची?

"आमची पानं इंजिनिअरच वाचतात"

असं मालकांना वाटतं. मशीनचं पान पहिल्यांदा उघडतो तो मशीनपुढे उभा असलेला माणूस. येळ्ळूर, कंग्राळी, मच्छे इथून आलेला, आयटीआय झालेला किंवा तेही न झालेला. आणि इंजिनिअरचे डोळेही माणसाचेच असतात. ऐन घाईत त्यालाही रेघ हवीच असते.

दुसरा युक्तिवाद असा की ज्याला रेघ हवी त्याने आपल्या ब्राउझरमध्ये लावून घ्यावी. फायरफॉक्सच्या सेटिंगमध्ये लिंकांखाली नेहमी रेघ दाखवण्याचा पर्याय आहे, हे खरं. पण ज्याला लिंक कुठे आहे हे कळत नाही, त्याने सेटिंगच्या आत शिरून हा पर्याय हुडकावा अशी अपेक्षा करणं म्हणजे जरा जास्तच झालं.

कायद्याचंही थोडं. दिव्यांग व्यक्तींच्या हक्कांचा कायदा 2016 चा. सरकारी वेबसाइटांसाठीची केंद्राची मार्गदर्शक तत्त्वं 2009 पासून आहेत, तिसरी आवृत्ती 2023 मध्ये आली. आणि 30 एप्रिल 2025 रोजी सर्वोच्च न्यायालयाने डिजिटल केवायसीच्या, म्हणजे ऑनलाइन ओळख पटवण्याच्या, प्रकरणात निकाल देताना म्हटलं की डिजिटल सेवा वापरता येणं हा राज्यघटनेच्या कलम 21 मधल्या जगण्याच्या हक्काचाच भाग आहे. उद्यमबागेतल्या एखाद्या छोट्या कारखान्याला यासाठी उद्या कुणी नोटीस पाठवेल असं मला वाटत नाही. पण सरकारी खात्यांना किंवा मोठ्या कंपन्यांना मशीन विकणाऱ्याकडे आता निविदेच्या कागदांत हा मुद्दा येऊ लागला तर आश्चर्य वाटायला नको.

तपासायचं कसं, बदलायचं कसं

तपासायला काही विकत घ्यावं लागत नाही. अँड्रॉइडच्या सेटिंगमध्ये सुलभतेच्या भागात रंगदुरुस्ती असते, तिथून स्क्रीन करडी करता येते. आयफोनमध्ये कलर फिल्टरमधून तेच होतं. स्क्रीन करडी करा, आपलं मदतपान उघडा आणि पान न बनवलेल्या कुणाला तरी द्या. 'यातल्या लिंका दाखव' म्हणा. ज्या दाखवता येणार नाहीत त्या दुरुस्तीच्या. तीच परीक्षा घराबाहेर उन्हात घेतली तर आणखी प्रामाणिक निकाल मिळतो.

बदल करताना वेबसाइटवाल्याला मोघम 'लिंका जरा उठावदार करा' असं सांगू नका. तो रंग आणखी भडक करून देईल. असं सांगा: मुख्य मजकुरातल्या सगळ्या लिंकांना कायम रेघ, मराठी आणि कन्नडसाठी रेघ खाली सरकवलेली, ओळींतलं अंतर वाढवलेलं, मेनूला हात नाही. उघडून झालेल्या लिंकेचा जांभळा रंगही राहू द्या असं सांगा. बऱ्याच साइट तो काढून टाकतात, पण अलार्मचं कारण शोधत पाच पानं फिरणाऱ्याला कुठे जाऊन आलो ते कळणं फार मोलाचं. त्या लिंकेला वेगळी रेघ किंवा बरोबरची खूण मात्र मागू नका, ब्राउझर ती देऊ देत नाहीत. वाचणाऱ्याने आधी कुठल्या साइट पाहिल्या हे काही पानं या रूपबदलावरून चोरून ओळखत असत, म्हणून 2010 च्या सुमारास ब्राउझरांनी रंगापलीकडचे बदल बंद केले.

सीएसएस एका जागी लिहिलेलं असेल तर एवढं काम एका बैठकीत उरकतं. वेळ खातात ती जुनी पानं, जिथे कुणीतरी हाताने एकेका शब्दाला रंग दिलेला असतो, वर्डमधून मजकूर चिकटवताना 'विषय:'ची रेघ तशीच आलेली असते, किंवा लिंकेचे शब्द 'इथे' एवढेच असतात. ती एकेक उघडूनच बघावी लागतात, आणि तिन्ही भाषांतली. कामाचे पैसे ठरवताना हा वेळ धरूनच ठरवा.